निखळलेल्या नखाची कैफियत

२०२५ च्या पोळ्याच्या आदल्या संध्याकाळी, खांदेमळणी उरकून बैल गोठ्यात बांधल्यावर, लोहा तालुक्यातील आमच्या गावच्या मारुतीच्या पारावर जी मंडळी जमली होती, तिच्यापुढे एक तरुण सालगडी आपल्या उजव्या पायाचा अंगठा दाखवावयास आला. त्या अंगठ्याचे नख टोकाकडून जवळजवळ निम्म्यापर्यंत सुटले होते. सुटलेला भाग पांढुरका दिसत होता आणि त्याच्या पोटाशी रानातली काळी माती घट्ट बसली होती. पारावरील मंडळींत वयाने व विद्येने ज्येष्ठ असे एक निवृत्त मुख्याध्यापक होते. आमच्या अख्ख्या पिढीने बाराखडी त्यांच्यापाशी गिरविली आहे, आणि त्यांच्याविषयी माझ्या मनात आजही पितृतुल्य आदर आहे. गुरुजींनी ते नख क्षणभर न्याहाळले व निवाडा दिला : "सुटलंय ना? मग ओढून टाक. जुनं गेल्याबिगर नवं येत नसतं." कोणी म्हणाले, हा रेशनच्या गव्हाचा प्रताप, बुलढाण्याकडे असेच झाले. कोणी कॅल्शियमच्या गोळ्या सुचविल्या. पोराने सर्वांचे ऐकून घेतले, आणि त्या रात्री घरी जाऊन पकडीने ते नख ओढून काढले. पुढचे अकरा दिवस त्याला पाऊल टेकविता आले नाही, आणि हे दिवस सोयाबीनच्या शेंगा भरण्याचे, म्हणजे गड्याने घरी बसावयाचे मुळीच नव्हते.

त्या पारावर मीही होतो, आणि मी पुरेशा जोराने बोललो नाही, याची खंत मला आहे. मी हरकत घेतली तेव्हा गुरुजींनी मला शांतपणे सांगितले की, नखाच्या विकारांना खुद्द सुश्रुताने क्षुद्ररोगांत घातले आहे. तेव्हा क्षुद्र गोष्टीचा एवढा बाऊ करण्याचे कारण नाही. ग्रंथाचा आधार निघाल्यावर पारावर वाद संपतो, तसा तो संपला. परंतु गावोगावच्या पारांवर, न्हाव्याच्या दुकानात आणि औषधाच्या दुकानाच्या फळीपाशी हाच निवाडा रोज दिला जातो व रोज अमलात येतो. म्हणून त्याविरुद्धची माझी फिर्याद आज सविस्तर रुजू करीत आहे.

प्रथम ग्रंथाचाच प्रश्न घेऊ. सुश्रुताच्या निदानस्थानात क्षुद्ररोगांचा जो अध्याय आहे, त्यात चिप्प आणि कुनख हे नखाचे विकार आहेत, हे गुरुजींचे म्हणणे खरे आहे. पण त्याच अध्यायात, त्याच मालिकेत अग्निरोहिणी नावाची व्याधीही आहे, आणि ती पंधरवड्याच्या आत माणसाचा प्राण घेते असे तोच आचार्य सांगतो. प्राणघातक व्याधी ज्या वर्गात बसते, त्या वर्गाच्या नावातील 'क्षुद्र' या शब्दाचा अर्थ 'दुर्लक्ष करण्याजोगे' असा कसा करता येईल? आणि विशेष हे की, कुनखाचे वर्णन करताना सुश्रुताने आरंभीच कारण दिले आहे : अभिघात, म्हणजे मार लागणे. नख खराब झालेले पाहताच ते कशाने झाले हे त्याने आधी विचारले. आमच्या पारावर त्या सायंकाळी पाच-सात माणसांनी उपाय सांगितले. मार लागला होता काय, पाय किती दिवस पाण्यात होता, पायात काय घालतोस, हे त्या पोराला एकानेही विचारले नाही.

आता गुरुजींच्या मुख्य सिद्धान्ताकडे वळतो. जुने गेल्याशिवाय नवे येत नाही, हा नियम दुधाच्या दातांना लागू आहे. नखाला तो लागू नाही. नखाचे मूळ बोटाच्या त्वचेच्या घडीखाली, आपल्या दृष्टीआड असते. तेथे पेशी जन्मतात, कठीण होतात, आणि मागून येणाऱ्या पेशींच्या रेट्याने पुढे सरकत राहतात. आपण ज्याला नख म्हणतो तो पत्रा अशा रीतीने अहोरात्र, कोणाची वाट न पाहता, घडत असतो. पुढचे टोक सुटले म्हणून मागचे काम थांबत नाही, आणि पुढचे ओढून काढले म्हणून ते लवकरही होत नाही. हाताचे नख महिन्याला सुमारे तीन मिलिमीटर वाढते. पायाचे त्याच्या निम्म्याच्या आसपास. म्हणून पायाच्या अंगठ्याचे नख मुळापासून टोकापर्यंत पुन्हा यावयास बारा ते अठरा महिने लागतात. ज्याला ही मुदत ठाऊक नाही तो दुसऱ्याच महिन्यात अधीर होतो, औषधे बदलतो, आणि शेवटी पकड हाती घेतो.

हा पत्रा ज्या मऊ, तांबूस शय्येवर निजलेला असतो, तिला तो लांबीरुंदीने चिकटलेला असतो. ही पकड एकदा सुटली की त्या फटीत हवा शिरते, म्हणून सुटलेला भाग पांढरा दिसतो. आणि हवेच्या मागोमाग पाणी, माती, जंतू हे सर्व आत येतात. सुटलेला भाग पुन्हा कधीही चिकटत नाही, हे मी गुरुजींना आनंदाने मान्य करतो. तो काढावयासही हवा. परंतु सुटलेला भाग कापून काढणे आणि न सुटलेल्या भागासकट सगळे नख उपटणे या दोन क्रियांत, वाळलेली फांदी छाटणे आणि झाड उपटणे यांत जेवढे अंतर आहे, तेवढे अंतर आहे. त्या पोराचे निम्मे नख अद्याप शय्येला धरून होते. ते ओढल्यावर शय्येचे कोवळे पापुद्रे त्याच्यासोबत फाटून निघाले, आणि रक्त आले ते त्यामुळे.

शिवाय नख हे बोटाचे छप्परच नसून दाबही आहे. पाऊल जमिनीवर टेकते तेव्हा अंगठ्याच्या शेंड्याचे मांस वर उठू पाहते, आणि नख त्याला वरून दाबून धरते. नख नाहीसे झाले की ते मांस हळूहळू उंच होते. मग वर्षाने मागून येणारे नवे नख त्या उंचवट्याला येऊन थडकते, त्यात रुतते, आणि अंगठा पुन्हा सुजतो. नखाखालची शय्याही उघडी राहून राठ होते. राठ झालेल्या शय्येला नवे नख नीट चिकटत नाही. ज्याचे नख एकदा ओढले त्याचे नख पुढे सदा वाकडे, जाड आणि सुटलेलेच का राहते, या प्रश्नाचे उत्तर बहुधा येथे असते. नशिबाला दोष देऊन आपण त्या पकडीला मोकळे सोडतो.

एवढ्याने ज्यांचे समाधान होणार नाही, त्यांना मी माळेगावला घेऊन जातो. मार्गशीर्षाच्या वद्य पक्षात नांदेड-लातूर रस्त्यावरील आमच्याच तालुक्यातील या गावी खंडोबाची यात्रा भरते, आणि घोडे, गाढवे, उंट, बैल यांचा जो बाजार तेथे भरतो, त्याची ख्याती महाराष्ट्राबाहेरही आहे. त्या बाजारात घोड्याची पारख करणारा माणूस आधी दात पाहतो आणि मग खाली वाकून खूर उचलतो. खूर आणि नख यांचे द्रव्य एकच. केस, शिंग, खूर आणि नख हे सर्व केराटिन नावाच्या एकाच प्रथिनाचे आहेत. घोड्याच्या खुराची भिंत आतल्या थरापासून सुटू लागण्याचा एक विकार असतो, आणि चांगला नालबंद तो ओळखतो. तो काय करतो? सुटलेली भिंत जेथवर सुटली तेथवर तासून मोकळी करतो, आतली घाण काढतो, जागा कोरडी ठेवावयास सांगतो, आणि मागून नवे खूर येईपर्यंत धीर धरण्यास बजावतो. सुटले आहे तर ओढून टाका, असे कोणी नालबंद बोलला, तर घोड्याचा मालक त्याला पुन्हा आपल्या जनावराला हात लावू देईल काय? बैलाला पत्र्या मारणाराही खूर तासताना नाजूक भागाशी येताच हात आवरतो. आमच्या पारावरील मंडळींपैकी प्रत्येकाला हे ज्ञान आहे, कारण त्याच सायंकाळी त्यांनी आपापल्या बैलांचे पाय धुऊन, खूर न्याहाळून, हिंगूळ लावण्याची तयारी केली होती. जो न्याय बैलाच्या खुराला, तो सालगड्याच्या अंगठ्याला का नाही, हा प्रश्न मी अत्यंत गांभीर्याने विचारतो.

या प्रश्नात मी इतका गुंतलो आहे त्याचे कारण घरचे आहे. माझे वडील, ज्यांना आम्ही नाना म्हणत असू, मधुमेहाचे रुग्ण होते. त्यांच्या डाव्या अंगठ्याचे नख जाड होऊन सुटले, तेव्हा आपलेपणाने घरी येणाऱ्या एका शेजाऱ्याने नराणीने कडा उचकटून ते ओढले. नाना हूं की चूं करीत नव्हते, म्हणून आम्ही सर्वांनी त्यांच्या सोशिकपणाची वाखाणणी केली. ते सोशिक खरेच होते. परंतु त्या वेळी त्यांना दुखले नाही याचे कारण दुसरे होते. मधुमेहाने त्यांच्या पायांच्या शिरांतील संवेदना मरून गेली होती, आणि आम्हांला त्याची दाद नव्हती. चार दिवसांनी पायमोज्यावर डाग दिसला; दोन आठवड्यांनी अंगठा काळा पडला; आणि नांदेडच्या एका रुग्णालयात अंगठा व त्याच्या शेजारचे बोट कापावे लागले. शल्यवैद्यांनी आपले काम चोख केले. जे करावयाचे नव्हते ते आम्हीच ओसरीवर, चहा होईपर्यंतच्या वेळात, करून ठेवले होते. पायाला मुंग्या येतात, जमीन कापसासारखी लागते, चप्पल पायातून निसटली तरी कळत नाही, असे ज्या मधुमेह्याला वाटते, त्याच्या नखाला वैद्यकीय शिक्षण नसलेल्या कोणीही शस्त्र लावू नये, ही गोष्ट मी हात जोडून सांगतो.

आता कारणांकडे. त्या वर्षीच्या ऑगस्ट-सप्टेंबरात मराठवाड्यावर पाणी कसे कोसळले ते आपण सर्वांनी पाहिले. आमच्याकडची काळी जमीन पावसात पायाला धरून ठेवते. निंदणीला गेलेल्या बाया आणि पाणी काढावयास गेलेले गडी दिवसदिवस चिखलात उभे असतात. बोटांच्या बेचक्यांत चिखल्या होतात त्या सर्वांना दिसतात, पण त्याच ओलीने नखही आतून मऊ होते, फुगते, आणि शय्येवरील त्याची पकड ढिली होते, हे दिसत नाही. पाय वाचविण्यासाठी म्हणून जे प्लॅस्टिकचे बंद बूट बाजारातून आणले जातात, ते बाहेरचे पाणी अडवितात. मात्र आतला घाम कोंडून ठेवतात, आणि सायंकाळी बूट काढल्यावर पाय ओलाच असतो. मऊ झालेल्या नखाला मग ठेच लागते. बालाघाटाच्या माळावरून जो अनवाणी किंवा साध्या चपलेवर चालतो त्याला ठेच चुकत नाही, आणि लांब वाढलेले नख अशा वेळी तरफेसारखे उचलले जाते.

ठेच एकदाच लागावी लागते असेही नाही. लोह्याच्या मैदानांवर आणि रस्त्यांच्या कडेने पोलीस भरतीसाठी धावणारी मुले-मुली पहाटे आपल्या दृष्टीस पडतात. मुलांना सोळाशे मीटर, मुलींना आठशे. आणि त्यासाठी महिनोन्‌महिने रोज किती तरी अधिक. थोरल्या भावाचा बूट किंवा एक माप लहान म्हणून स्वस्तात मिळालेला बूट पायात असला, तर प्रत्येक पावलागणिक अंगठा आतल्या भिंतीवर आदळतो. असे हजारो लहान आघात मिळून एका मोठ्या ठेचेचे काम करतात. नखाखाली रक्त साकळते, ते काळे पडते, आणि काही आठवड्यांनी नख सुटते. या मुलांपैकी कित्येकांना आपण हे काळे नख चिकाटीची खूण म्हणून मिरवताना पाहतो. मला त्यांच्या चिकाटीविषयी शंका नाही. त्यांच्या बुटाविषयी आहे. सर्वांत लांब बोटापुढे हाताच्या अंगठ्याच्या रुंदीएवढी जागा बुटात मोकळी असावी, एवढी एक गोष्ट प्रशिक्षकांनी पाहिली तरी अर्धे काम होईल.

मग बुरशी. तिच्यामुळे नख पिवळट, जाड व ठिसूळ होते, खाली भुसा साचतो, आणि बहुधा बोटांतील चिखल्यांपासून ती नखात चढते. ती सामान्य आहे; पण प्रत्येक बिघडलेले नख बुरशीचेच असते हा समज चुकीचा आहे. वैद्यांच्या अनुभवात अशा नखांपैकी सुमारे निम्म्यांतच बुरशी सापडते. उरलेल्यांत मार आहे, ओल आहे, सोरायसिस आहे. सोरायसिसमध्ये नखावर टाचणीने टोचल्यासारखे खळगे पडतात आणि तेलाच्या डागासारखी पिवळसर छटा दिसते. अवटू ग्रंथी अतिरिक्त चालू लागल्यास नख सुटते, बहुधा हाताच्या अनामिकेपासून. डॉक्सिसायक्लिनसारखे औषध चालू असताना उन्हात राहिल्यासही सुटते. लहान मुलांत ताप व तोंडा-हाता-पायांवर पुरळ येऊन गेल्यावर महिना-दोन महिन्यांनी नखे मुळाकडून सुटून येतात, आणि आई घाबरून जाते. तिला मी सांगेन की, लाळ्या-खुरकुताने आजारी पडलेल्या जनावराचे खूर सुटते हे तिने पाहिले असेल. ते विषाणू निराळे आहेत आणि जनावराचा हा रोग मुलाला झालेला नाही. पण आजारानंतर नख-खूर सुटणे ही गोष्ट आपल्याला अगदीच अपरिचित नाही. मुलाचे नवे नख खालून आधीच निघालेले असते.

यावरून एक गोष्ट ध्यानात यावी. नख स्वतःच आपली हकीगत सांगते, ती वाचावयाची मात्र सवय हवी. टोकाकडून सुटले की मुळाकडून? एकच नख की सर्व? एकाच पायाचे की दोन्ही हातापायांचे? घरात एकालाच की साऱ्या गावाला? या प्रश्नांच्या उत्तरांवाचून दिलेला कोणताही निवाडा हा पुराव्यावाचून दिलेला निवाडा आहे.

आणि रेशनच्या गव्हाविषयीचा आरोप याच कसोटीवर घासून पाहावा लागतो. बुलढाणा जिल्ह्यात शेगाव तालुक्यातील गावांत २०२४ च्या डिसेंबरापासून लोकांचे केस अकस्मात गळू लागले. अडीचशेहून अधिक माणसे, त्यांत तरुण मुली व विद्यार्थीही, काही दिवसांत टकली झाली. भारतीय आयुर्विज्ञान अनुसंधान परिषदेचे पथक तेथे येऊन गेले. विंचूदंशावरील संशोधनामुळे सर्वांना परिचित असलेले महाडचे डॉ. हिंमतराव बावस्कर यांनी स्वतः जाऊन नमुने तपासविले, आणि लोक खात असलेल्या स्वस्त धान्य दुकानाच्या गव्हात सेलेनियमचे प्रमाण फार वाढलेले व रुग्णांच्या रक्तात जस्त घटलेले असल्याचे सांगितले. एप्रिल २०२५ मध्ये त्याच भागातील काही जणांची नखे विद्रूप होऊन गळू लागली. सेलेनियमच्या विषबाधेत केस आणि नखे दोन्ही जातात हे वैद्यकास नवे नाही. चीनच्या हुबेई प्रांतातील एन्शी येथे १९६० च्या दशकाच्या आरंभी हेच घडले होते. तेव्हा बुलढाण्याच्या लोकांची तक्रार खरी होती, आणि तिची दखल जेवढी लवकर घेतली गेली त्याहून लवकर घ्यावयास हवी होती.

परंतु तेथे काय घडले ते नीट पाहा. आधी केस गेले. एकाच घरातील अनेकांचे गेले, एकाच वेळी अनेक गावांत गेले, आणि नखे गेली ती हातांचीही. आमच्या पारावरील पोराच्या डोक्यावर दाट केस होते, त्याच्या पायांची बाकीची नऊ नखे धडधाकट होती, आणि त्याच गव्हाच्या पोळ्या खाणारे त्याच्या घरचे सहाही जण निरोगी होते. हा गव्हाचा दोष असता तर तो गहू त्या एका अंगठ्यालाच शोधत कसा आला? लोह्याच्या सुटलेल्या अंगठ्याला बुलढाण्याचा दाखला लावणारे दोन अनर्थ एकदम करतात. ज्या मजुराच्या घरी दुसरे धान्य नाही त्याच्या मनात ते स्वस्त धान्याविषयी भय निर्माण करतात. आणि उद्या खरोखर एखाद्या गावात केस व नखे एकत्र गळू लागली, तर ती खरी आरोळी या खोट्या आरोळ्यांत बुडून जाईल अशी तजवीज करून ठेवतात. असे काही दिसल्यास त्याच दिवशी आरोग्य केंद्रात वर्दी द्यावी आणि धान्याचा नमुना राखून ठेवावा.

कॅल्शियमच्या गोळ्यांविषयी फार लिहिण्याचे कारण नाही. नखे ही अस्थिधातूचा मल होत, अशी आयुर्वेदाची एक जुनी मांडणी आहे. हाडांना चुना लागतो, म्हणून नखांनाही लागत असावा, हा तर्क बहुधा तेथून निघाला असेल. तर्क सुसंगत आहे, वस्तुस्थिती तशी नाही. नखाचा कठीणपणा केराटिनाचा आहे. चुन्याचा अंश त्यात अत्यल्प असतो. नखावरचे पांढरे ठिपकेही चुना कमी झाल्याचे चिन्ह नसून, मुळाशी कधी तरी लागलेल्या लहानशा माराची ती खूण असते. लोह कमी पडले तर मात्र नखे पातळ होऊन चमच्यासारखी खोलगट होतात, आणि आमच्या भागातील किती तरी स्त्रियांच्या बाबतीत रक्ततपासणीचा पैसा गोळ्यांच्या पैशापेक्षा अधिक सत्कारणी लागेल.

याहून घातक आहे ती औषधाच्या दुकानातून चिठ्ठीवाचून मिळणारी मिश्र मलमाची नळी, जिच्यात बुरशीनाशक, जंतुनाशक आणि तीव्र स्टिरॉइड अशी तीन द्रव्ये एकत्र घातलेली असतात. स्टिरॉइडमुळे खाज आणि लाली चार दिवसांत जाते, आणि रुग्ण दुकानदाराला दुवा देतो. आतमध्ये बुरशीला मात्र मोकळे रान मिळते, ती पसरते, आणि पुढे साध्या औषधाला जुमानत नाही. गेल्या काही वर्षांत गजकर्णाने देशभर जे उग्र रूप धारण केले आहे, त्यात या नळ्यांचा वाटा मोठा आहे, असे त्वचारोगतज्ज्ञ वारंवार सांगत आले आहेत. नखाच्या बाबतीत तर वरून लावलेले मलम त्या कठीण पत्र्यातून आत जातच नाही म्हटले तरी चालेल. बुरशी खरोखरच असेल तर पोटात घ्यावयाचे औषध पायाच्या नखासाठी साधारण तीन महिने घ्यावे लागते, आणि यकृताची स्थिती पाहून ते वैद्यानेच द्यावयाचे असते. बुरशी आहे की नाही हे ठरविण्यासाठी नखाखालचा भुसा खरवडून, पोटॅशियम हायड्रॉक्साइडच्या थेंबात भिजवून सूक्ष्मदर्शकाखाली पाहावा लागतो. परीक्षा स्वस्त आहे आणि उत्तर बहुधा त्याच दिवशी मिळते. लोह्याहून नांदेडचे शासकीय वैद्यकीय महाविद्यालय फार दूर नाही. माझे आजोबा निजामी अमलात वाढल्यामुळे दवाखान्याला शेवटपर्यंत शफाखाना म्हणत, आणि तेथपर्यंत जाणे म्हणजे त्यांच्या काळी बैलगाडीचा सबंध दिवस होता. आज एस.टी. तासाभरात पोचविते, आणि तरी आपण परीक्षेवाचून तीन-तीन महिन्यांची औषधे गिळतो.

नख सुटले असता करावे काय, हे आता सांगितले पाहिजे, कारण केवळ निषेध करून मोकळे होण्याचा अधिकार मला नाही. जेवढे सुटले आहे तेवढेच, पाय कोमट पाण्यात थोडा वेळ ठेवून नख मऊ झाल्यावर, स्वच्छ नखकात्रीने कापावे. चिकटलेल्या भागाशी पोचताच थांबावे, आणि उरलेली कड कानशीने गुळगुळीत करावी, म्हणजे ती पायमोज्यात वा लुगड्याच्या काठात अडकून पुढे फाटणार नाही. आतली माती काडीने, सुईने किंवा आगकाडीने कोरू नये. स्वच्छ दिसावे म्हणून केलेल्या या कोरण्यानेच चिकटलेला भाग आणखी सुटत जातो. पाय धुऊन होताच बोटांच्या बेचक्यांसह कोरडे पुसावे. रानातून आल्यावर बूट उन्हात उलटे ठेवावे, आणि शक्य असल्यास दोन जोड आलटून पालटून वापरावे. एरवी नखे सरळ कापावी, कोपरे आत गोलाकार नेऊ नयेत. एकाच्या पायाला लागलेली नराणी उकळल्यावाचून दुसऱ्याच्या पायाला लावू नये, आणि ही गोष्ट आपल्या न्हाव्याला सांगताना संकोच करू नये. तो उस्तरा बदलू लागला, तसे हेही करील. अपघाताने नख जवळजवळ सर्व उचकटून लोंबत असले तर ते जागच्या जागी बसवून स्वच्छ फडक्याने हलके बांधावे, आणि काय राखावयाचे व काय काढावयाचे ते डॉक्टरांनी ठरवावे.

काही वेळी वाट पाहू नये. ठेचेनंतर नख काळे होऊन असह्य ठणका लागला, तर डॉक्टर नखाला बारीक छिद्र पाडून साकळलेले रक्त वाहू देतात आणि तत्काळ उतार पडतो. हे पहिल्या एक-दोन दिवसांत करावयाचे काम आहे. पू, पसरती लाली किंवा ताप आल्यास उशीर नको. मार लागल्याचे आठवत नसता नखात काळी उभी रेघ उमटली, ती रुंदावत गेली, अथवा तिचा रंग नखाच्या मुळाशी असलेल्या कातडीवर उतरला, तर तो क्वचित कर्करोग असू शकतो; अशा वेळी नखाच्या वाढीसोबत पुढे सरकणारा डाग ठेचेचा आणि जागचा न हलणारा डाग संशयाचा, ही खूण लक्षात ठेवावी. आणि मधुमेह असल्यास यांपैकी काहीही दिसण्याची वाट न पाहता जावे.

त्या पोराला मी नंतर स्वतः घेऊन गेलो. जखम भरली आहे. मुळाशी नव्या नखाची भाताच्या दाण्याएवढी कड दिसू लागली आहे, आणि तिला टोकापर्यंत पोचावयास पुढचा पोळा उलटून जाईल, हे मी त्याला सांगितले आहे.

माझी मागणी एकच आहे, आणि ती मी नांदेड जिल्हा परिषदेकडे, जी माळेगावच्या यात्रेची व्यवस्था पाहते, लेखी करणार आहे. यात्रेत जनावरांचे प्रदर्शन भरते, आणि तेथे पशुवैद्य खूर उचलून पाहतात. त्याच मांडवाच्या शेजारी एक मेज, एक खुर्ची, एक पाण्याची बादली, एक नखकात्री, ती उकळण्याचे भांडे आणि पायाची संवेदना तपासण्याचा नायलॉनचा धागा, एवढे साहित्य देऊन एक आरोग्यसेवक बसवावा. खंडोबाला चालत आलेल्या माणसाने बैलाचे खूर दाखवून झाल्यावर स्वतःचा पाय त्या मेजापुढे करावा. गुरुजींनाही मी बरोबर नेणार आहे, आणि त्या सेवकाच्या शेजारी बसून येणाऱ्या प्रत्येकाला, ठेच कधी लागली, बूट कोणता, साखर आहे का, हे विचारण्याचे काम त्यांनी करावे अशी विनंती मी त्यांना केली आहे. विचारावे कसे हे आम्हांला त्यांनीच शिकविले होते.